किल्ल्याच्या माथ्यावर दलदल

त्या दिवाळीत आमच्या व्हिलाच्या अंगणात जो किल्ला उभा राहिला, त्याच्या माथ्यावर दलदल होती. दलदल साधारणपणे खाली असते. ती वर कशी गेली हे कळायला थोडी पार्श्वभूमी लागेल.

व्हिला आखातात, मोहम्मद बिन झायद सिटीत आहे. मालकाने तिचे भाग पाडून ते वेगवेगळ्या कुटुंबांना भाड्याने दिले आहेत. मागच्या अंगणाचा कोपरा आमच्या वाट्याला आला. घर घेताना लोक पार्किंग बघतात, एसी बघतात. आम्ही कोपरा बघितला, कारण किल्ल्याला जागा लागते.

वाळवंटात किल्ला बांधायचा तर पहिली अडचण मातीची. वाळू हवी तेवढी आहे, पण ती उभी राहत नाही. नर्सरीतली पिशवीबंद माती झाडांसाठी असते, तिचा बुरूज होत नाही. ही अडचण काकांनी सोडवली होती. रास अल खैमाच्या एका टाइल कारखान्यात त्यांचा एक गाववाला कामाला होता. तिथली वाया गेलेली पांढरी चिकणमाती ते दर दिवाळीच्या आधी पिकअपमध्ये घालून आणत. त्यामुळे आमचे सगळे किल्ले पांढरे झाले. सह्याद्री पांढरा असतो असं आमच्या मुलीला बरीच वर्षं वाटत होतं.

काका आमच्या नात्यातले नाहीत. ते मूळचे गुहागरजवळचे. शारजाच्या औद्योगिक क्षेत्रात त्यांचं सुतारकामाचं वर्कशॉप होतं. घरांची किचन, कपाटं, मॉलमधले स्टॉल अशी कामं ते करत. आम्ही इथे नवीन असताना एका कपाटाच्या निमित्ताने ओळख झाली. कपाट लागलं, तेव्हा दिवाळी तोंडावर होती. मुलगी लहान होती. काकांनी तिला विचारलं, "बाय, किल्ला कुठाय तुझा?" तिने विचारलं, "किल्ला म्हणजे काय?" त्यानंतर काका दर दिवाळीला आमच्याकडे राहायला येऊ लागले. मी पूर्वी एका वर्तमानपत्राच्या डेस्कवर होतो, म्हणून ते मला 'संपादक' म्हणत. मी संपादक कधीच नव्हतो. हे मी त्यांना सांगून बघितलं होतं.

ही त्यांची इथली शेवटची दिवाळी होती. वर्कशॉप त्यांनी भागीदाराच्या हवाली केलं होतं. सण झाला की ते कायमचे गुहागरला जाणार होते. तिथे मुलगा, सून आणि पाच वर्षांची नात असं कुटुंब होतं. मुलाच्या लहानपणी काका एकाही दिवाळीला घरी नव्हते, आणि नातीनेही त्यांना मुख्यतः मोबाइलवर पाहिलेलं होतं.

आल्या दिवशी चहा पिताना त्यांनी अडचण सांगितली. "नातीला दोन आजोबा. सुनेच्या वडलांची मच्छीमारीची होडी आहे. ते होडीवाले आजोबा. आणि मी कोण?"

पत्नीने विचारलं, "कोण?"

"फोनवाले आजोबा. मेल्यांनी तिला कोणी शिकवलं नाही, तिनेच ठेवलंन नाव. आता होडीपुढे फोन काय टिकणार, वहिनी? तिकडे गेल्यावर तर हातात फोनपण नसेल. दारात उभा राहीन, ती विचारील, हे कोण?"

म्हणून काकांनी ठरवलं होतं की लक्ष्मीपूजनाच्या संध्याकाळी व्हिडिओ कॉल लावायचा आणि नातीला किल्ला दाखवायचा. मोठा, वर महाराज बसलेले, खाली मावळे. "एकदा बघितलान की झालं. जाताना मी किल्लेवाले आजोबा म्हणून जाईन. होडी काय, कोणाकडेपण असते."

त्यांचं एवढंच मागणं होतं. ते अवघड नव्हतं. अवघड झालं ते शाळेमुळे.

आमची मुलगी ब्रिटिश अभ्यासक्रमाच्या शाळेत सातवीत होती. काकांनी तिला विचारलं, "शाळेत काय चाललंय?"

"नॉर्मन कासल्स," ती म्हणाली. तिला मराठी सगळं कळतं. उत्तर ती इंग्रजीत देते. "वी हॅव टु मेक अ मॉडेल. फॉर होमवर्क."

"कासल म्हणजे किल्ला ना?"

"याह."

काका माझ्याकडे वळले. "बघा संपादक. शेवटी त्यांनापण पटलं."

एक डोंगर रचायचा आणि त्यात दिवाळी आणि गृहपाठ दोन्ही उरकायचं, ही सूचना माझी होती. कोणीही हरकत घेतली नाही.

मुलीने पुस्तकातलं चित्र दाखवलं. मातीची उंच टेकडी, तिच्यावर लाकडी बुरूज, पायथ्याशी कुंपण घातलेलं आवार, मध्ये चढायला पूल. काकांनी चष्मा लावून ते चित्र गिऱ्हाइकाच्या किचनचा नकाशा बघावा तसं बघितलं. "वर बालेकिल्ला, खाली माची. हे तर आपलंच आहे. फक्त दगड परवडला नाही त्यांना."

दुसऱ्या दिवशी मुलगी पोहायच्या क्लासला गेली असताना काकांनी किल्ला उभा केला. वर्कशॉपमधल्या पट्ट्यांचं कुंपण झालं. प्लायवूडचा बुरूज झाला. मग पुण्याहून आणलेली मातीच्या चित्रांची पेटी उघडली आणि मावळे कुंपणाच्या आत, तोंडं बाहेर करून, पहाऱ्याला उभे राहिले. गौळण माचीवर. वासुदेव पुलाशी. वाघ गुहेत. बुरुजाच्या माथ्यावर, छत्रीखाली, महाराज.

नातूर, म्हणजे व्हिलाचा राखणदार, पाइप घेऊन झाडांना पाणी घालत होता. तो पेशावरकडचा आहे. त्याने थोडा वेळ बघून विचारलं, "साब, ये क्या है?"

"किला," काका म्हणाले.

"किसका?"

"हमारा."

नातूरने मान हलवली आणि पुढच्या झाडाकडे गेला. मुलगी परत आली तेव्हा तिचे केस ओले होते. ती किल्ल्यासमोर उभी राहिली.

"काका, हू आर दीज पीपल?"

"मावळे, अजून कोण?"

"इनसाइड?"

"मग बाहेर झोपवू त्यांना?"

"बट इनसाइड इज द नॉर्मन्स. दे आर द इन्व्हेडर्स. दिस इज द बॅड गाइज' कासल."

काकांनी माझ्याकडे बघितलं. "संपादक, ही काय बोलतेय?"

मी सांगितलं. हा किल्ला परक्यांचा आहे. समुद्रापलीकडून आलेल्या नॉर्मनांनी तो बांधला, जिंकलेल्या सॅक्सन लोकांना धाकात ठेवायला. ज्यांचा देश होता ते किल्ल्याच्या बाहेर होते. पुष्कळ ठिकाणी टेकडीची माती त्यांच्याकडूनच खणून घेतली होती.

"उलटं सांगताय तुम्ही."

"पुस्तकात असंच आहे."

"बरं, किल्ला परक्याचा असतो, हे मान्य. मग तो आपण घेतो. दोर लावतो, रात्रीत चढतो, घेतो. तो भाग पुढच्या धड्यात असेल."

"द नेक्स्ट चॅप्टर इज काउंटिंग शीप," मुलगी म्हणाली. हे खरं होतं. पुढच्या धड्यात त्या विजेत्या राजाने देशातली जमीन, बैल, मेंढ्या आणि डुकरं मोजून घेतली होती.

काका प्लास्टिकच्या खुर्चीत बसले. "मग चांगल्या लोकांचे किल्ले कुठायत?"

"दे डिडन्ट रिअली हॅव एनी. दे हॅड टाउन्स विथ वॉल्स."

"किल्ल्याशिवाय लढले?"

"याह."

"हरले असतील."

"याह."

कोणीतरी मेल्याचं कळावं तसा काकांनी चष्मा काढून हातात घेतला. मग म्हणाले, "अगो, पण कोणीच काही केलं नाही? एकपण नाही?"

त्या संध्याकाळी मुलीचं पाठ्यपुस्तक आणि शाळेच्या वाचनालयातून तिने आणलेली एक कादंबरी, दोन्ही जेवणाच्या टेबलावर आली. मी वाचत गेलो आणि काकांना मराठीत सांगत गेलो. सॅक्सन राजा हेस्टिंग्जच्या लढाईत पडला; लढाई एका दिवसात संपली. त्यानंतर काही वर्षं जागोजागी उठाव झाले. उत्तरेतल्या यॉर्कमध्ये बंडखोरांनी नॉर्मनांचे किल्ले पाडले. उत्तरादाखल राजाने उत्तरेतली गावं, धान्य, गुरं, सगळं जाळलं. शेवटचा मोठा प्रतिकार पूर्वेकडच्या दलदलीत झाला. पाणथळ प्रदेशाच्या मधोमध एक बेट, बेटावर मठ, आणि त्याच्या आसऱ्याने लढणारा एक बंडखोर सरदार. नॉर्मनांनी दलदलीतून लाकडाचा रस्ता घातला. सैन्य त्यावर चढलं आणि रस्ता वजनाने चिखलात गेला.

"वा!" काका म्हणाले. एवढ्या वेळात पहिल्यांदा त्यांनी पापडाला हात लावला.

"मग नॉर्मनांनी लाकडी मनोरा उभारला आणि त्यावर एका चेटकिणीला चढवलं. ती बेटाकडे बघून शाप देत होती आणि प्रत्येक शापानंतर..." मी थांबलो.

"शी शोड देम हर बॉटम," मुलीने वाक्य पूर्ण केलं.

पत्नी स्वयंपाकघरातून म्हणाली, "शाळेत हे शिकवतात?"

"इट्स अ प्रायमरी सोर्स, आई."

बंडखोरांनी दलदलीतले वाळके लव्हाळे पेटवले, मनोरा जळला, चेटकीण पडली. अखेर मठातल्या भिक्षूंनी आपल्या जमिनी वाचवायला नॉर्मनांना आतली वाट दाखवली असं म्हणतात, आणि बेट पडलं. बंडखोर निसटला. त्याचं पुढे काय झालं हे इतिहासाला नक्की ठाऊक नाही. कादंबरीला मात्र सगळं ठाऊक होतं. तिच्यात तो जंगलात राहिला, वेशांतर करून राजाच्याच स्वयंपाकघरात शिरला, एकटा कित्येकांना पुरून उरला.

"इतिहासात हरलेला माणूस गोष्टीत काय लढतो बघा," काका म्हणाले.

मी सांगितलं की इतिहास लिहिणारेही बहुतेक मठातलेच होते, आणि मठाच्या जमिनी कोणाच्या कृपेवर आहेत याचा मजकुरावर परिणाम होत असावा. डेस्कवर काम केलेल्या माणसाला यात नवल वाटण्यासारखं काही नव्हतं.

सकाळी काकांनी मावळे किल्ल्याबाहेर काढले. ते सॅक्सन झाले आणि वेढा घालून बसले. आत नॉर्मन म्हणून मुलीचे जुने प्लास्टिकचे अंतराळवीर ठेवले, कारण परकेपणा दिसायला हवा होता. गौळण चेटकीण होऊन पट्ट्यांच्या एका छोट्या मनोऱ्यावर चढली. दुसरी बाई पेटीत नव्हती. पत्नीने अट घातली की तिला फक्त पाठमोरं उभं करायचं, त्यापुढे काही नाही. गौळणीच्या डोक्यावर तीन मडकी होती, ती तशीच राहिली. भिक्षू म्हणून वासुदेव सुचवला गेला, पण काका अडले.

"वासुदेव फितूर? शक्य नाही. सकाळी उठून देवाचं नाव घेणारा माणूस."

"मंक्स ऑल्सो वेक अप अर्ली, काका."

"ते असूदे."

भिक्षूची जागा रिकामी ठेवली. वाघ काढायचा की नाही यावरही चर्चा झाली. इंग्लंडात वाघ नव्हते असं मुलीचं म्हणणं. वाघाशिवाय किल्ला ही कल्पनाच काकांना मान्य नव्हती. वाघ राहिला.

खरा पेच त्यानंतर आला. महाराजांना कुठे बसवायचं?

हा प्रश्न अंगणात उभ्या असलेल्या प्रत्येकाला एकाच वेळी सुचला असावा, कारण सगळ्यांची नजर एकदमच बुरुजाच्या माथ्याकडे गेली. महाराज सगळ्यांत वर बसतात. याला पर्याय नाही. पण सगळ्यांत वरची जागा नॉर्मन राजाची होती. तिथे बसवले तर महाराज परके ठरत होते. बंडखोरांबरोबर बसवावं तर ते खाली, चिखलात, आणि वर अंतराळवीर. हे तर उच्चारण्यासारखंही नव्हतं.

"यावर्षी महाराज देवघरात राहूदेत," पत्नी म्हणाली.

"वहिनी, नातीला काय दाखवू? वाघ?"

"मग गृहपाठ वेगळा करा. खोक्यात."

"माती एकाच किल्ल्याची आणलीय. रास अल खैमाचा माणूस सुटीवर गेला. आता दुसरी माती नाही, खलास."

मी सुचवलं की महाराज पाहुणे म्हणून बाजूला, खुर्चीवर बसून लढाई बघतायत असं दाखवता येईल.  काकांनी फक्त माझ्याकडे बघितलं.

त्यांनी दुपारभर विचार केला. चहाच्या वेळी ते अंगणातून आत आले आणि म्हणाले, "दलदल वर न्यायची."

"मार्शेस डोन्ट गो अप," मुलगी म्हणाली.

"बाय, मी मॉलमध्ये छताला टांगून धबधबा लावलाय. दलदल काय, नेऊ वर. बंडखोरांचं बेट सगळ्यांत वर. बेटावर महाराज. खाली परक्यांचा किल्ला. तुझा इतिहास तसाच्या तसा. फक्त उंची बदलली."

काकांकडे पिकअपमध्ये एका किचनच्या कामातून उरलेलं स्टीलचं सिंक होतं. ते त्यांनी चार पायांच्या लाकडी घोडीवर बसवलं. घोडी डोंगरात गाडली आणि बाजूने पांढरी माती लिंपून टाकली. सिंकमध्ये पाणी, पाण्यात उपडी वाटी, वाटीवर मातीचं बेट, बेटावर महाराज. कडेने अळीव पेरला. लव्हाळ्यांची जागा पत्नीच्या कुंडीतल्या गवती चहाने घेतली.

"काका, माझा चहा!"

"वहिनी, देशासाठी."

"कुठल्या देशासाठी?"

"ते ठरायचंय."

काम पूर्ण झालं तेव्हा नातूर पुन्हा आला. त्याने खालपासून वरपर्यंत बघितलं. "साब, ये किला अब किसका है?"

या वेळी काकांनी आधी सिंककडे बघितलं, मग अंतराळवीरांकडे. "नीचे का उनका है. ऊपर का हमारा."

"और पानी?"

"पानी दलदल है."

नातूरने हात हलवला. "खडा पानी नहीं चलेगा. मच्छर होगा. बलदियावाला आएगा, मेरे को पकड़ेगा." बलदिया म्हणजे नगरपालिका. त्याचं म्हणणं रास्त होतं. साठलेल्या पाण्याबाबत इथे कडक नियम आहेत, आणि दलदल हा मुळात साठलेल्या पाण्याचाच प्रकार आहे. तेव्हा काकांनी माशांच्या टाकीचा पंप आणला. तो खालच्या बादलीतून पाणी वर सिंकमध्ये चढवी, आणि सिंकच्या भोकाला लावलेल्या नळीतून ते परत बादलीत येई. वाहत्या पाण्याला दलदल म्हणत नाहीत, असं मुलीने निदर्शनास आणून दिलं. नातूरचं मात्र समाधान झालं. ज्या प्रतिकाराने नॉर्मन सैन्य अडवलं होतं, तो आमच्याकडे बलदियाच्या नियमात बसवावा लागला.

किल्ला शाळेत नेणं आता शक्य नव्हतं. मुलीने शिक्षिकेला तसं सांगितलं. त्या जवळच राहत. लक्ष्मीपूजनाच्या संध्याकाळी येऊन बघते, म्हणाल्या. काकांचा कॉलही त्याच संध्याकाळी होता. भारतात घड्याळ दीड तास पुढे असतं. तिकडे अंधार पडून पणत्या लागतील आणि इकडे अजून उजेड असेल अशी वेळ त्यांनी निवडली होती, म्हणजे किल्ला स्पष्ट दिसेल.

काका सकाळपासून तयार होते. नवा कुर्ता. फोन पूर्ण चार्ज. काय बोलायचं याची ते अंगणात तालीम करत होते. "हा बघ किल्ला. कोणी बांधला? मी बांधला. मी कोण?" इथे थांबून ते पुन्हा पहिल्यापासून सुरू करत.

शिक्षिका ठरल्याप्रमाणे आल्या. चाळीस-पंचेचाळीसच्या, इंग्लंडच्या उत्तरेकडच्या. हातात चकली घेऊन त्या किल्ल्याभोवती फिरल्या. वाघापाशी जरा थांबल्या. मग मनोऱ्याकडे बोट दाखवून विचारलं, "इज दॅट द विच?"

"येस, मिस."

"शी लुक्स व्हेरी नाइस." मग त्यांनी वर बघितलं. "अँड द जेंटलमन ऑन द टॉप?"

मुलीने काकांकडे बघितलं. काका हात बांधून उभे होते. "ही इज नॉट पार्ट ऑफ द होमवर्क, मिस. बट द होमवर्क इज नॉट अलाउड विदाउट हिम."

शिक्षिकांनी हे मान्य केलं. आमच्या गावाकडे, त्या म्हणाल्या, त्या विजेत्या राजाबद्दल अजून कोणी चांगलं बोलत नाही. हजार वर्षं होत आली, पण गावं जाळली ती जाळली. मी हे काकांना मराठीत सांगितलं. काकांनी शिक्षिकांना आणखी एक चकली दिली.

तेवढ्यात फोन वाजला. पडद्यावर गुहागरच्या घराची ओटी होती. मागे आकाशकंदील, पुढे सून, आणि सुनेच्या मांडीवर नवा फ्रॉक घातलेली नात. तिचं लक्ष लाडवाकडे होतं.

"कोण आहे बघ," सून म्हणाली.

"फोनवाले आजोबा," नात म्हणाली आणि लाडू खाऊ लागली.

काकांनी घसा साफ केला. "हा बघ किल्ला!" दलदल खळाळून दिसावी म्हणून त्यांनी एका हाताने पंपाचं बटण पूर्ण फिरवलं. पाणी खरोखरच खळाळलं. आधीच्या दिवसांत गवती चहाची काही पाती सुकून सिंकच्या भोकाशी जमली होती. ती आता ओढीने भोकात जाऊन बसली. पाणी वर येत राहिलं. जायची वाट बंद झाली.

"कोणी बांधला?" काका फोनला विचारत होते. "मी बांधला. मी..."

"काका," मुलगी म्हणाली.

"थांब गो. मी कोण?"

"काका, द मार्श इज कमिंग डाउन."

पाणी सिंकच्या कडेवरून सगळ्या बाजूंनी एकदम उतरलं. टाइलची माती पाण्याला फार वेळ विरोध करत नाही. आधी उतारावर चर पडले. मग टेकडीचा मधला भाग, जसा होता तसा, वर बुरूज घेऊन खाली सरकू लागला. तो घाईत नव्हता. अंतराळवीर कुंपणासकट माचीवर आले, माची फरशीवर आली. मनोरा वाकला आणि गौळण तिन्ही मडक्यांसह वाघाच्या गुहेसमोर पडली. वेढा घालून बसलेले मावळे पांढऱ्या चिखलात कंबरेपर्यंत रुतले, पण आडवा एकही झाला नाही. लाकडी पूल तरंगत पत्नीच्या चपलांपाशी थांबला.

पत्नीने पंपाची वायर ओढली. आवाज थांबला.

जिथे किल्ला होता तिथे आता एक लाकडी घोडी उभी होती. घोडीवर स्टीलचं सिंक. सिंकमध्ये बेट. बेटावर छत्रीखाली महाराज, पूर्ण कोरडे. काकांच्या घोडीचा सांधा हललेला नव्हता.

काका फोन पुढे धरून तसेच उभे होते. किल्ल्याकडे तोंड केलेला कॅमेरा सगळं दाखवत राहिला होता. त्यांचा चेहरा मला दिसत होता. नातीला दिसत नव्हता, ते बरं होतं. "ऐक," ते हळू आवाजात म्हणाले, "तो असा नव्हता. आता मगाशी उभा होता. तू नीट बघितला नाहीस..."

फोनमधून लाडू खाली ठेवल्याचा आवाज आला.

"पाडलान!" नात ओरडली. "आई, आजोबांनी किल्ला पाडलान! सगळ्ळा! आजोबा, परत पाडा!"

"परत?"

"परत पाडा! मला बघायचंय!"

"अगो, पाडायला आधी बांधायला लागतो."

"मग बांधा! इथे बांधा, आमच्या अंगणात. मग मी आणि तुम्ही पाडूया. होडीवाल्या आजोबांना नाही घ्यायचं, ते ओरडतात." तिने पडद्याला नाक लावलं. "कधी येणार तुम्ही? पाडणारे आजोबा, कधी येणार?"

काकांनी फोन स्वतःकडे वळवला. "येतो," ते म्हणाले. "पुढच्या आठवड्यात. माती काढून ठेव." कॉल संपल्यावर त्यांनी फोन कुर्त्याच्या खिशात ठेवला. "पाडणारे आजोबा," त्यांनी म्हणून बघितलं. "किल्लेवाले नाही झालो, संपादक. पण होडीच्या पुढे गेलो."

शिक्षिकांनी चकली संपवली. चिखलातून डोकं काढलेल्या एका अंतराळवीराकडे बघून त्या म्हणाल्या, "वेल, दॅट नेव्हर हॅपन्ड."

"आय नो, मिस," मुलगी म्हणाली. "इट वॉज बेटर इन द नॉव्हेल टू."

गृहपाठ किल्ल्याचा होता आणि किल्ला शिल्लक नव्हता, त्यामुळे नियमाने गुण देता येणार नाहीत, असं शिक्षिकांनी स्पष्ट केलं. पण मी उत्तरेकडची आहे, असंही म्हणाल्या, आणि पूर्ण गुण देऊन गेल्या. जाताना त्यांनी सिंकसमोर क्षणभर थांबून मान लववली. ती कोणासाठी होती हे विचारणं योग्य वाटलं नाही.

नातूर पांढऱ्या पाण्याचा ओघळ बघत बघत गेटपासून मागे आला. त्याने घोडी बघितली, सिंक बघितलं, रुतलेले मावळे बघितले.

"किला खलास?"

"खलास," काका म्हणाले.

"आखिर किसका था?"

काका या वेळी अडखळले नाहीत. "मेरी पोती का."

नातूरने ते मनात नोंदवल्यासारखं केलं. मग अंगणभर पसरलेल्या चिखलाकडे हात केला. "और ये किसका है?"

काकांनी नव्या कुर्त्याच्या बाह्या वर सरकवल्या आणि भिंतीशी टेकवलेलं फावडं घेतलं. दुसरं माझ्याकडे केलं. "यल्ला, संपादक. चला."

आम्ही चिखल गोळा करायला लागलो. महाराजांना आधी आत नेलं.